सोमवारची कारणवही

सोमवारशी भाऊसाहेबांचं वैर होतं असं म्हणणं हा सोमवारवर अन्याय होईल. वैराला दोन्ही बाजूंनी थोडा तरी उत्साह लागतो. भाऊसाहेबांची अडचण एवढीच होती, की सोमवारी सकाळी ते पलंगाच्या काठावर बसत, उजव्या पायात मोजा चढवत, डावा मोजा हातात घेत आणि तिथे थांबत. मोजाही थांबे. दोघं एकमेकांकडे पाहत राहत. वीस-पंचवीस मिनिटांनी स्वयंपाकघरातून बायकोचा आवाज येई, "अहो, दुसरा पाय आहे ना अजून?" आणि मग आठवडा सुरू होई. मंगळवारी तेच मोजे, तेच पाय, पण काम पाच सेकंदांत उरके. यामागचं शास्त्र भाऊसाहेबांना ठाऊक नव्हतं, आणि मोज्यालाही नसावं.

भाऊसाहेब पाणीपुरवठा कार्यालयात ज्येष्ठ नकाशाकार होते. गावाच्या पोटातून कुठली जलवाहिनी कुठून कुठे जाते हे कागदावर उतरवायचं, हे त्यांचं काम. रस्ता खोदणारे लोक आधी खोदत, मग नकाशा मागत, आणि कारंजं उडालं की भाऊसाहेबांना नावं ठेवत. या सगळ्या मानहानीच्या बदल्यात आयुष्याने त्यांना एकच गोष्ट दिली होती : खिडकीजवळचं टेबल.

या टेबलासाठी त्यांनी अकरा वर्षं वाट पाहिली होती. दोघं निवृत्त झाले, एकाची बदली झाली, तेव्हा कुठे भाऊसाहेब भिंतीपासून सरकत सरकत खिडकीशी पोचले. डाव्या हाताने उजेड येई, म्हणजे रेघ मारताना उजव्या हाताची सावली कागदावर पडत नसे. आणि खिडकीतून समोरच्या अग्निशामक दलाचं आवार दिसे. दुपारी तिथले जवान लांबलचक पाइप धुऊन वाळत घालत, लाल गाडी पुसत, आणि आग लागली नसेल तर बाकावर बसून एकमेकांचे केस कापत. ते बघताना भाऊसाहेबांना वाटे, जगात आणीबाणीसाठी नेमलेली माणसंसुद्धा इतकी निवांत बसू शकतात, तर आपलं कार्यालय त्या मानाने बरंच धावपळीचं आहे. निवृत्तीला तीन वर्षं उरली होती. ती याच खिडकीत घालवायची, एवढीच त्यांची महत्त्वाकांक्षा.

आता कारणवहीबद्दल. कार्यालय दहाला सुरू होई आणि दहा-दहानंतर येणाऱ्याला दाराशी ठेवलेल्या एका जाड वहीत दिनांक, वेळ आणि 'उशिराचे कारण' लिहावं लागे. इतर लोक 'बस उशिरा' असं लिहून मोकळे होत. भाऊसाहेब नकाशाकार होते. अर्धवट काम त्यांच्या हातून होत नसे. रकान्याचं नाव 'कारण' असेल तर त्यात कारणच लिहिलं पाहिजे, आणि ते वाचणाऱ्याला कळलं पाहिजे, अशी त्यांची साधी समजूत. त्यामुळे वहीत त्यांच्या सुबक अक्षरात अशा नोंदी होत्या :

'जिन्यात शेजाऱ्यांचे कपाट अडकले. कपाटाच्या वरच्या बाजूस मी, खालच्या बाजूस कार्यालय.'

'बसमध्ये डुलकी न लागल्याने योग्य थांब्यावर उतरलो. परंतु बस चुकीची होती.'

'चष्मा शोधण्यात वेळ गेला. सापडला तो सौभाग्यवतींचा. तो लावून आपला शोधला.'

वही सांभाळणाऱ्या आवक-जावक बाई दर सोमवारी सव्वाअकराच्या चहाला ही नोंद मोठ्याने वाचत. भाऊसाहेब तेव्हा नेमके खिडकीबाहेर बघत असत. मागून हसण्याचा आवाज आला तर तो अग्निशामक दलाकडून आला असावा, असं त्यांनी ठरवून टाकलं होतं.

आणि मग नव्या मॅडम आल्या.

मॅडम वयाने तरुण होत्या, बोलायला मृदू होत्या आणि हसत नसत. आल्या आठवड्यातच त्यांनी कारणवही घरी नेली, शनिवार-रविवार ठेवून घेतली, आणि सोमवारी भाऊसाहेबांना बोलावून घेतलं.

"भाऊसाहेब, मी वही वाचली."

"पूर्ण?" भाऊसाहेबांनी जरा संकोचाने विचारलं.

"पूर्ण. तुमचे सगळे उशीर सोमवारचे आहेत. बाकी चार दिवस तुम्ही सर्वांच्या आधी येता. का?"

मोज्याबद्दल वरिष्ठांशी कसं बोलावं, याची नियमावलीत तरतूद नव्हती.

"तुम्हाला आठवड्याच्या सुरुवातीला प्रेरणा कमी पडते," मॅडम म्हणाल्या. "ती तुम्ही मिळवा. कुठून, ते मी विचारणार नाही. येत्या चार सोमवारांत दोन उशीर मी समजून घेईन. तिसरा झाला, तर खिडकीचं टेबल कनिष्ठ नकाशाकारांना. आदेश तयार आहे. तारीख तेवढी रिकामी आहे."

बाहेर कनिष्ठ नकाशाकार भिंतीकडे तोंड करून काम करत होते. गुणी होते, विनयशील होते आणि त्यांच्याकडे एक कुंडी होती. रुंद पानांचं, गडद हिरवं झाड. आतापर्यंत ती कुंडी दाराजवळच्या त्यांच्या टेबलावर असे. भाऊसाहेब मॅडमच्या खोलीतून बाहेर आले, तेव्हा ती फायलींच्या कपाटावर आली होती. म्हणजे खिडकीच्या दिशेने सहा फूट.

"तिथे हवा बरी लागते तिला," कनिष्ठ म्हणाले.

भाऊसाहेबांनी प्रथम कायदेशीर मार्ग धरला. कार्यालयाचं भिंतीवरचं घड्याळ सात मिनिटं पुढे होतं, हे सर्वांना माहीत होतं. तेव्हा उशीर कुठल्या घड्याळाने मोजायचा, असा एक नम्र अर्ज त्यांनी दिला. चौथ्या दिवशी उत्तर आलं : घड्याळ हा विषय विद्युत शाखेचा, वेळ हा विषय आस्थापना शाखेचा, दोन्ही विषय एकाच अर्जात आल्याने अर्ज कोणाकडेही पाठवता येत नाही. भाऊसाहेबांनी तो अर्ज फाइलला लावला. आता प्रेरणेवाचून गत्यंतर नव्हतं.

इथे त्यांच्या हातून एक चूक झाली. त्यांनी ही गोष्ट घरी सांगितली. बायकोने ती शांतपणे ऐकून घेतली आणि म्हणाली, "त्यात काय, मोजे रात्रीच घालून झोपा." हा सल्ला इतका सोपा होता, की तो कोणी गंभीरपणे घेणं शक्यच नव्हतं. पण जिन्याचं दार उघडं होतं, आणि वरच्या मजल्यावरचे कवायत मास्तर त्याच वेळी खाली येत होते.

मास्तर एका शाळेतून निवृत्त झाले होते, पण शिट्टी त्यांच्यातून निवृत्त झाली नव्हती. ती गळ्यात असेच.

"भाऊसाहेब, हा मनाचा प्रश्न नाहीच," मास्तर दारातच पाय जुळवून म्हणाले. "हा गुडघ्यांचा प्रश्न आहे. शरीर जागं झालं की मन झक मारत मागून येतं. सोमवारी सकाळी सहाला अंगणात या. मी आहे."

"मास्तर, सहाला जरा…"

"साडेपाचला म्हणालात? साडेपाचला!"

सोमवारी साडेपाचला अंगणात शिट्टी वाजली. पहिल्या मजल्यावर राहणाऱ्या, इमारतीच्या समितीच्या सचिवांनी खिडकी उघडून विचारलं, की इमारतीच्या नियमाप्रमाणे साडेसहाच्या आत वाद्य वाजवायला लेखी परवानगी लागते, ती आहे का. मास्तर म्हणाले, शिट्टी वाद्य नाही, उपकरण आहे. सचिव म्हणाले, मग ते अर्जात तसं लिहा. हा वाद चालू असेपर्यंत भाऊसाहेब एका पायावर उभे होते, कारण त्यांना तसं उभं केलं होतं आणि दुसरा पाय खाली ठेवण्याचा हुकूम वादामुळे राहून गेला होता. नंतर चाळीस बैठका झाल्या. बैठका म्हणजे चर्चेच्या नव्हेत. उठायच्या आणि बसायच्या.

मन खरोखरच जागं झालं. सव्वानऊला भाऊसाहेब थांब्यावर हजर होते, चेहऱ्यावर तकाकी होती, आणि बस आल्यावर लक्षात आलं की गुडघे वाकत नाहीत. कारणवहीतली नोंद अशी आहे : 'उत्साह आणण्यासाठी केलेल्या व्यायामाने पाय सरळ राहिले. बसची पायरी उंच होती. तीन बसगाड्या जवळून पाहिल्या. चौथीत दोन सहृदय प्रवाशांनी आडवे आत घेतले.'

बाईंनी चहाला ती वाचली. कुंडी कपाटावरून उतरून मधल्या टेबलावर आली.

आता खरं म्हणजे भाऊसाहेबांनी इथेच थांबायला हवं होतं. पण सल्ला ही अशी गोष्ट आहे, की एकाचा घेतला आणि दुसऱ्याचा नाही घेतला तर दुसरा दुखावतो; आणि या वेळी दुसरा म्हणजे मेहुणा होता.

मेहुणा विक्रेत्यांना शिकवत असे. काय विकायचं हे नाही, ते ज्याचं त्याला माहीत असतं. विकताना छाती कशी पुढे काढायची हे तो शिकवत असे. तो बुधवारी एक बॅग घेऊन आला. बॅगेत जाड ठशाची पेनं, रंगीत कागद आणि डिंकाची मोठी बाटली.

"भावजी, त्या मास्तरांचं सोडा. कवायतीने बैल तयार होतो, माणूस नाही. तुमचा प्रॉब्लेम आतला आहे."

"आतला म्हणजे पोटाचा?"

"विचारांचा! सकाळी उठल्या उठल्या तुम्ही काय वाचता?"

"दुधाच्या पिशवीवरची तारीख."

"तिथेच चुकतं. उठल्यापासून जिथे जिथे नजर जाईल तिथे सकारात्मक वाक्य दिसलं पाहिजे."

रविवारी संध्याकाळी मेहुण्याने घराचा ताबा घेतला. पलंगासमोर 'ऊठ, यश वाट पाहत आहे!' आरशावर 'हाच तो माणूस!' फ्रिजवर 'तुझ्यात अफाट साठा आहे!' हे वाक्य फ्रिजला उद्देशून आहे की भाऊसाहेबांना, असा प्रश्न बायकोने विचारला, तो मेहुण्याने सोडून दिला. न्हाणीघराच्या दाराला आतून त्याने सगळ्यात मोठा कागद लावला : 'कोणतेही दार तुला अडवू शकत नाही!' डिंक सढळ हाताने वापरला, कारण विचार पक्का बसला पाहिजे.

"आणि सोमवारी अंघोळ झाली की आरशात बघून तीनदा ओरडायचं, आज माझा दिवस आहे! लाजायचं नाही."

"ताई," तो जाताना बहिणीला म्हणाला, "तूही म्हणत जा."

"मला रोजच कामाला लागावं लागतं," ती म्हणाली. "मी कशाला ओरडू?"

सोमवारी भाऊसाहेब पावणेआठला न्हाणीघरात गेले. अंघोळ केली. टॉवेल गुंडाळून आरशासमोर उभे राहिले. पहिल्यांदा "आज माझा दिवस आहे" असं ते इतक्या हळू म्हणाले, की दिवसालाही ऐकू गेलं नसेल. दुसऱ्यांदा जरा जमलं. तिसऱ्यांदा त्यांना स्वतःच्या आवाजाचं नवल वाटलं आणि त्या भरात ते दार उघडायला वळले. कागद कडीवरूनच चिकटवला होता. सकाळच्या वाफेने ओला झालेला डिंक कडीच्या खाचेत उतरला होता आणि आता तिथे तो कायमचा राहायला आला होता.

"अहो, ऐकलंत का!" आतून आवाज आला.

"ऐकलं. तीनदा ऐकलं," बायको म्हणाली. "सगळ्या जिन्याने ऐकलं."

"दार उघडत नाहीये!"

जिन्यात माणसं जमलीच होती. भाऊसाहेब आत कोणाशी तरी भांडत आहेत, असा समज झाला होता. सचिव आले आणि त्यांनी विचारलं, की दार इमारतीच्या मालकीचं धरायचं की घरमालकाच्या. कारण तोडायचं झालं तर ठराव लागेल. मास्तरांनी ठरावाची वाट पाहिली नाही. "आतल्यांनी मागे व्हा!" असं म्हणून त्यांनी शिट्टी फुंकली, तीन पावलं मागे गेले आणि खांद्याने दार घेतलं. दार उघडलं. मास्तर आत गेले, ते थेट बादलीपर्यंत. टॉवेलातले भाऊसाहेब आणि जिन्यातले एकोणीस शेजारी समोरासमोर आले. दारावरचा कागद मात्र शाबूत होता आणि त्यावरचं वाक्य, तांत्रिकदृष्ट्या पाहिलं तर, खरं ठरलं होतं.

वहीतली नोंद : '"कोणतेही दार तुला अडवू शकत नाही" असा कागद चिकटवल्यामुळे दार अडकले.'

त्या सोमवारी चहाला बाईंना वाचता वाचता दोनदा थांबावं लागलं. मॅडमच्या खोलीचं दार थोडं किलकिलं होतं. कुंडी भाऊसाहेबांच्या शेजारच्या टेबलावर आली. तिचं एक पान आता त्यांच्या नकाशावर टेकत होतं.

दोन उशीर संपले होते. उरलेल्या दोन सोमवारांत एक मिनिट जरी इकडेतिकडे झालं असतं, तरी अकरा वर्षं पाण्यात. आणि नेमक्या त्याच आठवड्यात भाऊसाहेबांचं सगळं पाठबळ कोसळलं. मास्तरांचा खांदा धरला. मेहुणा परगावी गेला, तिथे तीनशे विक्रेत्यांसमोर ओरडून त्याचा घसा बसला. अंगणात शांतता. भिंतींवरचे कागद बायकोने काढून कपाटांच्या फळ्यांवर पालथे अंथरले.

तिसऱ्या सोमवारी भाऊसाहेबांना प्रोत्साहन द्यायला जगात कोणीही नव्हतं. ते उठले. चहा प्यायले. उजवा मोजा घातला, डावा हातात घेतला, क्षणभर थांबले. मग, आपल्याला कोणी बघत नाही हे लक्षात आल्यावर, तो घातला. नऊ-पन्नासला ते कार्यालयात होते.

हा विजयाचा क्षण होता. पण साजरा करायला कोणी तयार दिसेना. आवक-जावक बाईंनी वही उघडली, कोऱ्या पानाकडे पाहिलं, मिटली.

"आज काहीच नाही?"

"काय काहीच नाही?"

"नाही, काही नाही." बाईंनी उसासा टाकला.

चहा आला आणि लोकांनी तो औषधासारखा घेतला. जांभया टेबलावरून टेबलावर फिरत राहिल्या. एरवी सोमवारी दुपारपर्यंत निदान तीसेक नकाशे बाहेर पडत. त्या दिवशी चार पडले, त्यांतला एक उलटा. मॅडम दोनदा खोलीबाहेर आल्या, दाराशी जाऊन वहीचं पान उघडून पाहिलं आणि परत गेल्या. खिडकीबाहेर जवान एकमेकांचे केस कापत होते. मागून हसू येत नव्हतं, तर ते दृश्यही आज जरा फिकं वाटलं.

इमारतीत मात्र बातमी पोचली. पोचवली बायकोनेच, दाराचं काय झालं हे विचारायला आलेल्या सचिवांना ती बोलता बोलता म्हणाली, की आज हे वेळेवर गेले. झालं. मास्तर म्हणाले, गुडघ्यांनी शेवटी मनाला ओढलंच. मेहुण्याने फोनवरून, घशातून येईल तेवढ्या वाऱ्याने कळवलं, की विचार आत मुरायला एक आठवडा लागतोच. श्रेय कोणाचं यावरून गच्चीवर बैठक बसली आणि तडजोड निघाली : दोघांच्या वतीने, इमारतीच्या समितीतर्फे, भाऊसाहेबांचा जाहीर सत्कार. विषय, 'नव्या आठवड्याची नवी उमेद'. सोमवारी सकाळी साडेआठला.

"रविवारी ठेवा," भाऊसाहेब कळवळून म्हणाले. "शनिवारी ठेवा. ठेवूच नका."

"सोमवारच्या यशाचा सत्कार रविवारी?" सचिव म्हणाले. "लोक काय म्हणतील! आणि साडेआठ म्हणजे साडेआठ. पंधरा मिनिटांत तुम्ही मोकळे. वक्तशीरपणाचाच तर कार्यक्रम आहे."

बायको त्यांच्याकडे बघून म्हणाली, "मागच्या जिन्याने जा गुपचूप."

"आपल्याच सत्काराला दांडी? बरं दिसतं का ते?"

"टॉवेलात बरे दिसला होतात," ती म्हणाली आणि आत गेली.

चौथ्या सोमवारी साडेआठचा कार्यक्रम नऊ वाजून चार मिनिटांनी सुरू झाला, कारण माणसं जमायची होती. मास्तरांनी एका खांद्याने थोडक्यात मनोगत मांडलं. मेहुण्याला बोलता येत नव्हतं, म्हणून त्याने नुसते हातवारे केले. त्याला दहा मिनिटं लागली. मग सचिव उठले. वेळेचं महत्त्व या विषयावर ते पस्तीस मिनिटं बोलले. एक मिनिट वाया गेलं तर काय होतं, याची त्यांनी सात उदाहरणं दिली. भाऊसाहेब खुर्चीत बसून दुसऱ्या, तिसऱ्या आणि चौथ्या बसचा आवाज कोपऱ्यावरून ऐकत होते. शेवटी त्यांना भेट देण्यात आली. भेट म्हणजे भिंतीवरचं घड्याळ. चालू.

ते घड्याळ छातीशी धरून भाऊसाहेब धावले. बसमध्ये ते मांडीवर होतं, समोरच्या आजींनी त्यात वेळ पाहून सांगितलं, "दहा वाजले हो." दहा-दहा वाजले तेव्हा बस पुलावर होती. भाऊसाहेबांनी काटा सरकताना पाहिला. इतक्या अचूकपणे स्वतःचं नुकसान बघायला फार कमी लोकांना मिळतं.

दहा-पंचवीसला ते घड्याळासकट दारात उभे राहिले. सगळं कार्यालय कामं सोडून बघत होतं. मॅडम दाराशीच होत्या. हातात वही, वहीत पेन.

"भाऊसाहेब," त्या म्हणाल्या, "कारण."

सबब सांगून सुटता आलं असतं. बस बंद पडली, पुलावर अपघात झाला, असं काहीही. पण रकान्याचं नाव 'कारण' होतं. भाऊसाहेबांनी घड्याळ टेबलावर ठेवलं आणि नेहमीच्या सुबक अक्षरात लिहिलं :

'गेल्या सोमवारी वेळेवर आल्याबद्दल आज सकाळी सत्कार झाला. त्यामुळे उशीर. सोबत पुरावा जोडला आहे. तो दोन मिनिटे मागे आहे.'

मॅडमनी ते वाचलं. पुन्हा वाचलं. मग त्यांचा एक खांदा हलला, मग दुसरा, आणि ज्यांना कार्यालयाने दीड महिन्यात एकदाही हसताना पाहिलं नव्हतं, त्या दाराची चौकट धरून हसू लागल्या. वही आवक-जावक बाईंकडे गेली, तिथून फायलींकडे, तिथून टंकलेखनाकडे. कनिष्ठ नकाशाकार हसता हसता कुंडीवर वाकले. दुपारी चारपर्यंत त्या कार्यालयातून एकसष्ट नकाशे बाहेर पडले, सगळे सुलटे.

साडेचारला मॅडमनी डोळे पुसून खिडकीच्या टेबलाच्या आदेशावर तारीख घातली आणि सही केली. हसू वेगळं, आदेश वेगळा.

भाऊसाहेबांनी गुण्या, पट्ट्या, भिंग आणि चार पेन्सिली उचलल्या आणि दाराजवळच्या टेबलावर नेऊन ठेवल्या. कुंडी शेवटचा प्रवास करून खिडकीत पोचली. आवक-जावक बाईंनी उगाचच एक रिकामं पाकीट दोनदा चिकटवलं.

"आणखी एक," मॅडम जाता जाता थांबल्या. "कारणवही आजपासून तुमच्याकडे. तुमचं टेबल दाराशी आहे, आणि अनुभव म्हणाल तर… आहेच. लोक फार आखूड लिहितात. लक्ष द्या."

पाचव्या सोमवारी भाऊसाहेबांनी दोन्ही मोजे घातले तेव्हा साडेसातही वाजले नव्हते. बायको हातातलं भांडं ठेवून बघत राहिली.

"आज कोणी प्रोत्साहन दिलं?"

"कोणी नाही."

"मग ठीक आहे," ती म्हणाली.

साडेनऊला त्यांनी दाराजवळच्या टेबलावर वही उघडली, रकाने नव्याने आखले, पेन्सिलीला टोक केलं आणि वाट पाहत बसले. दहा-दहापर्यंत एकेक करून सगळे आले. कनिष्ठ नकाशाकार तेवढे आले नव्हते. ते आले दहा-चाळीसला, कुंडी कडेवर घेऊन. झाडाची रुंद पानं कडेने तपकिरी होऊन वळली होती.

"सावलीतलं झाड आहे," कनिष्ठ धापा टाकत म्हणाले. "आठवडाभरात खिडकीच्या उन्हाने करपलं. रोपवाटिकेत दाखवायला नेलं होतं. ते म्हणाले, खिडकीत ठेवाल तर जगणार नाही. भाऊसाहेब, तुमची हरकत नसेल तर टेबल परत… मी आपला होतो तिथेच बरा."

भाऊसाहेबांनी खिडकीकडे पाहिलं. लांबवर पाइप वाळत होते. डावीकडचा उजेड रिकाम्या टेबलावर सरळ पडला होता.

"टेबलाचा विषय आस्थापना शाखेचा. त्याचा अर्ज वेगळा करा," ते म्हणाले. "मंजुरी येईपर्यंत कुंडी माझ्याजवळ ठेवा. इथे सावली आहे. आणि आधी हे."

त्यांनी वही पुढे सरकवली. कनिष्ठांनी घाईघाईने 'झाड आजारी' असं लिहिलं. भाऊसाहेबांनी ते वाचलं, खोडरबर काढला आणि खुर्ची पुढे ओढली.

"असं नाही लिहायचं. बसा. पहिलं पान कधी वळलं तिथपासून सांगा."

आवक-जावक बाई जवळ सरकल्या. फायलींच्या कपाटामागून दोन डोकी वर आली. मॅडमच्या खोलीचं दार किलकिलं झालं आणि आतून आवाज आला, "भाऊसाहेब, आज तुम्ही साडेनऊलाच आलात म्हणे. कसे काय?"

भाऊसाहेबांनी वहीचं पान डावीकडून उजवीकडे नीट तपासून पाहिलं.

"त्याला रकाना नाही, मॅडम," ते म्हणाले आणि पेन्सिल कनिष्ठांच्या हातात दिली.